आधी वर्गणी, मग सिनेमा

मराठीतल्या स्वतंत्र चित्रपटकारांची यादी करायला बसलं तर पहिली नावं ठरलेली असतात. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर, कारण १९८५ च्या ‘बाई’पासून २०१६ च्या ‘कासव’पर्यंत त्यांनी बाजाराचा कौल न घेता सिनेमे केले. चैतन्य ताम्हाणे, कारण ‘कोर्ट’च्या मागे स्टुडिओ नव्हता, विवेक गोम्बर नावाचा मित्र होता. या यादीत सुधीर फडके यांचं नाव कुणी घालत नाही. बाबूजी म्हणजे ‘गीतरामायण’, बाबूजी म्हणजे राजा परांजपे आणि गदिमांच्या सोबतीने केलेली चित्रपटगीतं, ही आपली ओळख इतकी पक्की आहे की तिच्या पलीकडचा माणूस दिसेनासा होतो. तरीही चित्रउद्योगाबाहेर उभं राहून, फायनान्सर आणि वितरकाचा पैसा टाळून, मराठी माणसाने चित्रपट तडीला कसा नेला याचा इतिहास लिहायचा झाला, तर त्यातला एक मोठा धागा मुंबईच्या किंवा पुण्याच्या कुठल्याही स्टुडिओत सापडत नाही. तो दमणगंगेच्या काठी, सिल्वासात सापडतो. २ ऑगस्ट १९५४ ला सिल्वासा पोर्तुगीजांच्या हातून सुटलं आणि १६ नोव्हेंबर २००१ ला ‘वीर सावरकर’ हा हिंदी चित्रपट प्रदर्शित झाला. या सत्तेचाळीस वर्षांत फडक्यांनी बरीच वेगवेगळी कामं केली, पण पैसा आणि माणसं उभी करण्याची रीत एकच राहिली. ती रीत त्यांनी नगरहवेलीच्या लढ्यात कमावली. तिने त्यांना कोणत्याही निर्मात्याला मिळत नाही असं स्वातंत्र्य दिलं आणि तिनेच त्यांच्या चित्रपटाला एक कुंपणही घातलं.

आधी जागा समजून घेतली पाहिजे. नगरहवेली हा मराठ्यांचा मुलूख. ‘सांताना’ हे पोर्तुगीज जहाज मराठी आरमाराने पकडलं, त्याच्या भरपाईपोटी १७७९ च्या तहाने बारा हजार रुपये उत्पन्नाची गावं पोर्तुगीजांना द्यायची ठरली आणि १७८३ मध्ये ती दिली गेली. दादरा त्यानंतर दोन वर्षांनी त्यांच्याकडे गेलं. बहात्तर गावांचा, पाचशे चौरस किलोमीटरहून थोडा कमी असा हा टापू. समुद्र नाही, दमणपासून तुटलेला, आणि १९४७ नंतर चारही बाजूंनी स्वतंत्र भारताने वेढलेला. दमणहून कुमक आणायची तर भारताच्या हद्दीतून आणावी लागे, आणि ती वाट भारत सरकारने बंद केली की आतली सत्ता म्हणजे दीडएकशे पोलिसांची एक तुकडी. हे हेरणारे एकाहून अधिक गट होते. फ्रान्सिस मास्कारेन्हस यांच्या युनायटेड फ्रंट ऑफ गोअन्सने २२ जुलैला दादरा घेतलं. त्यानंतर आठवड्याभरात नरोली गेलं. मग आझाद गोमंतक दल आणि राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे पुण्या-मुंबईचे स्वयंसेवक, त्यांत राजा वाकणकर, नाना काजरेकर, बाबासाहेब पुरंदरे, विश्वनाथ नरवणे, भर पावसात सिल्वासावर चालून गेले. कॅप्टन फिदाल्गो आपले शिपाई घेऊन खानवेलच्या बाजूला निसटला आणि ११ ऑगस्टला उदवा इथे भारतीय राखीव पोलिसांच्या स्वाधीन झाला. पुढची सात वर्षं हा प्रदेश ना पोर्तुगालचा, ना कागदोपत्री भारताचा. वरिष्ठ पंचायत कारभार पाही, आप्पासाहेब करमळकर प्रशासक होते. पोर्तुगाल हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेलं. १९६० च्या निकालाने त्याला खासगी माणसं, मुलकी अधिकारी आणि माल यांच्यापुरता वाटेचा हक्क मान्य केला, फौजफाट्याचा नाही. १९६१ च्या ऑगस्टमध्ये के. जी. बदलानी या सनदी अधिकाऱ्याला एका दिवसापुरतं पंतप्रधान करून नेहरूंबरोबरच्या विलीनीकरणाच्या करारावर सही घेतली गेली. इतका नाट्यमय मजकूर फार थोड्या प्रदेशांच्या वाट्याला येतो.

आपल्या विषयाला महत्त्वाचा आहे तो मात्र पैशाचा प्रश्न. लढा सरकारी नव्हता. सरकार डोळेझाक करील एवढीच आशा होती, खर्चाला हात देईल ही नव्हती. हत्यारं घ्यायची, माणसं पाठवायची, आतल्या गावांची टेहळणी करायची, तर रोकड हवी. फडके तेव्हा पस्तिशीच्या आत-बाहेर. कोल्हापुरात जन्म, हलाखीत गेलेलं तरुणपण, १९४१ मध्ये एचएमव्ही, १९४६ मध्ये प्रभात, आणि १९५४ पर्यंत ‘लाखाची गोष्ट’ आणि ‘पेडगावचे शहाणे’ने मराठी चित्रपटसंगीतात पहिल्या रांगेत बसलेले. त्यांच्याकडे पैसा नव्हता, पण ओळख आणि शब्द होता. एप्रिल १९५४ मध्ये पुण्याला हिराबागेत लता मंगेशकरांच्या गाण्याचा कार्यक्रम झाला आणि त्याचं उत्पन्न या मोहिमेकडे वळलं. या व्यवहाराकडे नीट पाहावं. ऐकणाऱ्याने तिकीट घेतलं ते गाण्याचं. त्यातून उभं राहिलं ते हत्यारांचं भांडवल. मधल्या जागी होती कलावंताची पत. गायिकेने बिदागी सोडली, संगीतकाराने शब्द टाकला, ऐकणाऱ्याने हिशेब मागितला नाही. सशस्त्र मोहीम काही जाहिरात देऊन करता येत नाही, तेव्हा हिशेब मागायची सोयही नव्हती. ज्या कामाला बँक कर्ज देणार नाही, सरकार अनुदान देणार नाही आणि व्यापारी हात लावणार नाही, ते काम कलावंताच्या नावावर लोकांकडून आगाऊ पैसा घेऊन करता येतं, हा धडा या मोहिमेने दिला. कार्यक्रमाचं उत्पन्न धर्मादाय कामाला देण्याची पद्धत मराठी नाटकमंडळ्यांना जुनीच. इथे नवीन काय, तर धर्मादाय म्हणून गोळा झालेला पैसा मदतफंडात न जाता एका जोखमीच्या उद्योगात गेला, आणि तो उद्योग फळाला आला.

फळाला आला हे महत्त्वाचं. अपयश आलं असतं तर फडक्यांनी ही रीत पुन्हा वापरली नसती. पुढच्या तीन दशकांत त्यांनी ती परत परत वापरलेली दिसते. सिल्वासानंतर आठ महिन्यांनी, १ एप्रिल १९५५ ला, पुणे आकाशवाणीवरून ‘गीतरामायण’ सुरू झालं. त्याची छप्पन्न गीतं आठवड्याला एक अशी वर्षभर घरोघरी पोचली आणि नंतर शेकडो जाहीर कार्यक्रमांतून फडक्यांनी ती गायली. हे कार्यक्रम म्हणजे त्यांची चालतीबोलती पेढी होती. किती संस्थांच्या इमारतींना आणि किती कामांना या गाण्याने हातभार लावला याची गणती कुणी ठेवलेली नाही. मग मोहन रानडे यांची सुटका. रानडे १९५५ मध्ये गोव्यात बेतीच्या पोलीस ठाण्यावरच्या हल्ल्यात जखमी होऊन पकडले गेले, त्यांना पोर्तुगालला नेण्यात आलं, आणि गोवा मुक्त झाल्यावरही ते लिस्बनजवळच्या तुरुंगातच राहिले. त्यांच्या विमोचनासाठी जी समिती झाली तिच्या खटपटीत फडके पुढे होते. तमिळनाडूचे मुख्यमंत्री अण्णादुराई व्हॅटिकनला गेले असता त्यांनी पोपकडे शब्द टाकला, आणि १९६९ च्या जानेवारीत रानडे सुटले. त्यानंतर ग्राहक चळवळ. सिल्वासाच्या मोहिमेतले सहकारी बिंदुमाधव जोशी यांनी पुण्यात ग्राहक पंचायत सुरू केली, आणि १९७५ मध्ये मुंबई ग्राहक पंचायत उभी राहिली तेव्हा फडके तिच्या उभारणीत होते. तिथला व्यवहार पाहिला तर चकित व्हायला होतं. शेजारपाजारच्या कुटुंबांनी संघ करायचा, महिन्याच्या जिनसांची मागणी आणि पैसे आधी भरायचे, मग एकत्र खरेदी आणि वाटप. माल हातात पडण्याआधी पैसे देणारा, दुकानदाराला वगळणारा, विश्वासावर चालणारा गट. हिराबागेत गाणं ऐकणाऱ्याने जे अजाणता केलं, ते इथे डाळ-तांदळासाठी जाणीवपूर्वक होतं.

आता चित्रपटांकडे. फडके निर्माते म्हणून आधीच पडद्यावर येऊन गेले होते. १९६३ चा ‘हा माझा मार्ग एकला’ त्यांची निर्मिती, दिग्दर्शन राजा परांजपेंचं. व्यसनात बुडालेला, जगाशी फारकत घेतलेला एक माणूस आणि त्याच्या आयुष्यात आलेलं एक लहान पोर, एवढाच जीव असलेला हा चित्रपट. त्यातून सचिन पिळगावकर हा बालकलाकार पडद्यावर आला, आणि उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. मला हा चित्रपट फडक्यांच्या कारकिर्दीत फार बोलका वाटतो. त्यात घोषणा नाही, आदर्श पुरुष नाही; परांजपेंनी साकारलेला नायक पडतो, भरकटतो, आणि प्रेक्षकाला त्याच्यावर प्रेम करण्यासाठी त्याची पूजा करावी लागत नाही. कलावंत फडक्यांना माणसाच्या आतलं अंधारं कोठार माहीत होतं. कोल्हापूर सोडल्यानंतर गावोगाव फिरून काढलेले उपाशी दिवस त्यांच्या ‘जगाच्या पाठीवर’ या अपुऱ्या राहिलेल्या आत्मचरित्रात आहेत, आणि त्यातल्या पानांत स्वतःला धुऊन-पुसून दाखवण्याची धडपड नाही. तरी निर्मितीचा हा मार्ग त्यांनी पुढे नेला नाही. नेहमीच्या पद्धतीने काढलेला चित्रपट म्हणजे नेहमीचं कर्ज, वितरकाशी नेहमीची घासाघीस आणि तिकीटबारीकडे लागलेले डोळे. साठच्या दशकातल्या मराठी चित्रव्यवसायाची अंगकाठी पाहता, पुरस्कारावर दुसरा चित्रपट निघत नसे.

‘वीर सावरकर’ हा त्यामुळे वेगळ्या जातीचा उद्योग होता. सावरकरांवरचं फडक्यांचं प्रेम आयुष्यभराचं. चित्रपटासाठी सावरकर दर्शन प्रतिष्ठान ही संस्था पुढे झाली. पैसा आला तो लोकांकडून, लहानमोठ्या देणग्यांतून आणि फडक्यांच्या गाण्याच्या कार्यक्रमांतून. दहा वर्षांहून अधिक काळ हे काम रेंगाळत, अडखळत, वाद सोसत चाललं. अखेर दिग्दर्शन वेद राही यांच्याकडे आलं. डोगरीतले नावाजलेले लेखक आणि ‘गुल गुलशन गुलफाम’ या दूरदर्शन मालिकेचे दिग्दर्शक असलेले हे जम्मूचे गृहस्थ एका महाराष्ट्रीय श्रद्धेचं स्वप्न पुरं करायला आले, हा या हकिकतीतला मजेदार भाग. सावरकरांच्या भूमिकेत शैलेंद्र गौर हे तोवर फारसे कुणाला ठाऊक नसलेले नट. संगीत अर्थातच फडक्यांचं. मधल्या काळात, १९९६ मध्ये, प्रियदर्शनचा ‘कालापानी’ अंदमानवर चकाचक व्यावसायिक पट काढून मोकळा झाला आणि त्यात अन्नू कपूर सावरकर होऊन गेले. फडक्यांचं काम चालूच होतं. चित्रपट लागला तेव्हा ते ब्याऐंशी वर्षांचे होते. त्यानंतर नवव्या महिन्यात, २९ जुलै २००२ ला, ते गेले. आयुष्याचं शेवटचं पर्व एका चित्रपटाला देणारा माणूस मराठीत फाळक्यांनंतर शोधावाच लागतो.

इथे पहिला आक्षेप समोर येतो. ज्याने कॅमेऱ्यामागे उभं राहून दिग्दर्शन केलं नाही त्याला चित्रपटकार कसं म्हणायचं? आक्षेप वजनदार आहे, पण तो दिग्दर्शक हाच चित्रपटाचा एकमेव कर्ता मानणाऱ्या काळातला आहे. आपल्याकडे चित्रपट जन्मला तो अशा श्रमविभागणीआधी. फाळक्यांनी रोपट्याच्या वाढीचा चिमुकला चित्रपट दाखवून पैसा मिळवला आणि आयुर्विम्याची पॉलिसी गहाण टाकली. ‘राजा हरिश्चंद्र’च्या इतिहासात हा मजकूर चित्रणाइतकाच मोलाचा मानला जातो. कोल्हापुरात बाबुराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती तानीबाई कागलकर या गायिकेने पैसा पुढे केला म्हणून. फडके त्याच कोल्हापूरचे, आणि गाणाऱ्याच्या कमाईवर चित्र उभं राहतं हे त्या गावाला त्यांच्या जन्माआधीपासून माहीत होतं. चित्रपट कुणाच्या इच्छेने अस्तित्वात आला, कुणाच्या शब्दावर पैसा जमला, कोण सोडून गेलं तरी कोण थांबलं, असे प्रश्न विचारले तर ‘वीर सावरकर’चा कर्ता वेद राही नाहीत. सामूहिक पैशावर निघालेल्या चित्रपटांचा कर्ता शोधताना गोळा करणाऱ्याकडे बघावंच लागतं.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे. स्वतंत्र म्हणजे केवळ बाजारापासून मोकळा नव्हे, मतापासूनही मोकळा. आणि हा तर एका विचारधारेचा प्रचारपट. सावरकरांवर चित्रपट काढणं हे त्या काळी बंडखोरीचं काम होतं असं त्याचे समर्थक म्हणतात, तेही पुरतं पटत नाही, कारण फिल्म्स डिव्हिजनसाठी प्रेम वैद्य यांनी १९८३ मध्ये म्हणजे सावरकरांच्या जन्मशताब्दीला त्यांच्यावर माहितीपट केलाच होता. सरकारी यंत्रणेला हा विषय वर्ज्य नव्हता. मग फडक्यांना लोकवर्गणी का लागली? कारण त्यांना माहितीपट नको होता, दर्शन हवं होतं. चित्रपट पाहताना हे जाणवतं. चरित्राचे टप्पे आदराने एकामागून एक येतात, विरोधकाला आपली बाजू मांडायला उसंत मिळत नाही, आणि नायकाच्या मनात कधी खोल संशय उठला असेल अशी शंका पटकथेला येत नाही. ‘हा माझा मार्ग एकला’चा निर्माता हाच का, असा प्रश्न पडावा इतका फरक. माझं उत्तर असं, की हा फरक फडक्यांच्या बदललेल्या स्वभावाचा नाही, पैशाच्या जातीचा आहे. देणगी देणाऱ्याने चित्रपट पाहण्याआधी त्याची किंमत मोजलेली होती आणि त्याने मोजलेली किंमत चित्रपटाची नव्हती, सावरकरांवरच्या त्याच्या निष्ठेची होती. अशा माणसाला पडद्यावर संशय दाखवणं म्हणजे घेतलेल्या शब्दाशी दगा. तिकीट काढून येणारा प्रेक्षक फार तर नाराज होऊन उठून जातो. वर्गणीदार फसवला गेल्याची भावना घेऊन जातो. हिराबागेतही हिशेब कुणी मागितला नव्हता, कारण गोळा करणाऱ्यावर श्रद्धा होती. पन्नास वर्षांनी हीच श्रद्धा पटकथेच्या खांद्यावर बसली.

यावर जाणकार लगेच म्हणतील की लोकवर्गणीला असा सरसकट दोष देता येत नाही, आणि त्यांच्याकडे दोन पक्की उदाहरणं आहेत. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले आणि त्यातून १९७६ मध्ये श्याम बेनेगलांचा ‘मंथन’ झाला. पटकथा आपल्या विजय तेंडुलकरांची. सहकारी संघाने काढलेला चित्रपट म्हणजे संघाची आरती असायला हवी होती. पण ‘मंथन’ दाखवतो तो गावातला जातीचा पीळ, सरपंचाची आडमुठी सत्ता, आणि शहरातून आलेला भला डॉक्टर काम अर्धवट टाकून परत जातो तो शेवट. दुसरं उदाहरण केरळचं. जॉन अब्राहमने ओडेसा हा गट काढला, गावोगाव चित्रपट दाखवून लोकांकडून पैसे गोळा केले आणि १९८६ मध्ये ‘अम्मा अरियान’ केला. एका तरुणाच्या मृत्यूची बातमी त्याच्या आईला सांगायला निघालेल्या मित्रांची ही गोष्ट त्याच तरुणांच्या क्रांतीच्या स्वप्नाकडे थकलेल्या, प्रश्नार्थक नजरेने बघते. देणाऱ्यांपैकी अनेकांना ती नजर बोचली असणार. तेव्हा वर्गणी घेतली की चित्रपट मिंधा होतो हे खरं नाही. फरक कुठे आहे? ‘मंथन’चे देणगीदार स्वतः चित्रपटाचा विषय होते, आपल्याच गावचं भांडण पडद्यावर बघण्याची त्यांची तयारी होती, कारण ते भांडण ते रोज जगत होते. ओडेसाने पैसा मागताना उत्तर देऊ केलं नव्हतं. सावरकर प्रतिष्ठानचा देणगीदार ना चित्रपटाचा विषय होता, ना चर्चेचा भागीदार. तो भाविक होता. म्हणजे दोष वर्गणीचा नाही, ती कोणत्या नात्यातून मागितली गेली त्याचा आहे. आणि फडक्यांना हे नातं घडवून दिलं सिल्वासाने, जिथे मागण्याची वेळ आली ती लढ्यासाठी. लढ्याला शंका परवडत नाही, हे बरोबरच आहे. चित्रपटाला ती परवडायला हवी होती.

याचा सर्वांत मोठा पुरावा म्हणजे सिल्वासाच. ज्या मोहिमेने फडक्यांना ही रीत दिली तिच्यावर त्यांनी चित्रपट केला नाही. वेळ आणि पैसा नव्हता हे कारण पुरेसं आहे आणि न केलेल्या कृतीबद्दल मेलेल्या माणसाला जाब विचारणं अन्यायाचं, हेही मान्य. पण तो का झाला नसता, हे सांगता येतं. नगरहवेली हा वारली, कोकणा, धोडिया, दुबळा, काथोडी यांचा मुलूख. पोर्तुगीज सत्ता त्यांच्यासाठी फारशी लांबची नव्हती, पण जमीनदार त्याहून जवळचा होता. हद्दीपलीकडे तलासरी-डहाणूत १९४५ पासून गोदावरी परुळेकर आणि किसान सभेने वारल्यांचा वेठबिगारीविरुद्धचा लढा उभारला होता आणि त्या लढ्याची धग या रानात पोचली होती. १९५४ च्या त्या आठवड्यांत कम्युनिस्ट कार्यकर्तेही आपल्या बाजूने नगरहवेलीत शिरले. म्हणजे एकाच जमिनीवर तीन स्वातंत्र्यं चालून येत होती: गोवेकरांचं, संघ-दलाच्या स्वयंसेवकांचं आणि आदिवासी कुळांचं. पुण्यात जमलेल्या वर्गणीला यातलं मधलं तेवढं दिसत होतं. मंगेशकर कुटुंबाचं उदाहरण इथे शेजारी ठेवावं. लताबाईंनी हिराबागेत गायलं. पुढे १९७७ मध्ये उषा मंगेशकरांच्या निर्मितीत जब्बार पटेलांनी ‘जैत रे जैत’ केला, आणि ठाकरांच्या वस्तीतल्या नाग्याने आपल्याच देवावरचा विश्वास पणाला लावलेला दाखवला. गाण्यातून आलेला पैसा आदिवासी जगण्याकडे आणि श्रद्धेबद्दलच्या शंकेकडे नेता येत होता. त्या पैशाला कुणाच्या निष्ठेची पावती द्यायची नव्हती, एवढंच.

कुणी म्हणेल, आता काळ बदलला, चित्रीकरण स्वस्त झालं, रणदीप हुडासारखा नट २०२४ मध्ये सावरकरांवर स्वतःच दिग्दर्शन करून चित्रपट काढतो आणि त्याच वर्षी ‘स्वरगंधर्व सुधीर फडके’ हा खुद्द फडक्यांवरचा चित्रपटही लागतो. वर्गणीच्या जुन्या गणिताची चिकित्सा कशाला? कारण गणित जुनं झालेलं नाही. पूर्वी प्रतिष्ठानच्या पावतीपुस्तकातून जे होई ते आता समाजमाध्यमावरच्या आवाहनातून होतं. देणारा तेव्हाही आपल्या बाजूचा असे, आताही असतो. सुमित्रा भावेंची वाट वेगळी पडली ती इथे. त्यांची सुरुवात समाजशास्त्रीय संशोधनातून झाली. ‘बाई’ आणि ‘पाणी’ हे छोटे पट स्त्रियांच्या अनुभवांच्या अभ्यासातून निघाले, आणि नंतर ‘अस्तु’, ‘कासव’, ‘दिठी’ यांच्यामागे डॉ. मोहन आगाशे उभे राहिले, तेव्हा मनोविकारतज्ज्ञ असलेल्या या निर्मात्याने उत्तर आधी मागितलं नाही. थोड्या लोकांचा पैसा, पण प्रश्नासाठी दिलेला. फडक्यांच्या पद्धतीत हजारो लोकांचा पैसा, पण उत्तरासाठी दिलेला. पहिल्या वाटेने चित्रपट थोड्यांपर्यंत पोचतात ही तिची मर्यादा आहेच, आणि हजारो घरांना आपण चित्रपटाचे धनी आहोत असं वाटायला लावणं हे दुसरीचं मोठेपण आहे. ते भावेंनाही जमलं नाही.

सिल्वासाच्या हकिकतीत एक माणूस असा आहे की त्याच्याभोवती वर्गणीच्या पद्धतीची कसोटी लागते. जमशेद नगरवाला हे मुंबईचे पोलीस अधिकारी. १९४८ मध्ये गांधीहत्येच्या मुंबईतल्या तपासाची सूत्रं त्यांच्या हाती होती. सावरकरांभोवती पाळत लागली आणि पुढे ते आरोपींच्या पिंजऱ्यात बसले ते याच तपासाच्या ओघात. न्यायालयाने सावरकरांना निर्दोष सोडलं, नगरवालांचा संशय मात्र गेला नाही. सहा वर्षांनी हेच नगरवाला राखीव पोलिसांचे उपमहानिरीक्षक म्हणून नगरहवेलीच्या हद्दीवर होते. आत सिल्वासाकडे सरकणाऱ्यांमध्ये फडक्यांसारखे सावरकरभक्त होते, आणि भारताच्या बाजूने डोळे मिटून घ्यायचे की उघडायचे हे ज्यांच्या हाती होतं त्यांत हे अधिकारी होते. फिदाल्गो आणि त्याचे शिपाई अखेर शरण आले ते याच राखीव पोलिसांना. सावरकरांवरच्या पटात हा माणूस आला असता तर खलनायक म्हणून, आणि सिल्वासाच्या विजयावर कुणी वर्गणी जमवून पट काढला असता तर त्यात तो उपकारकर्ता ठरला असता. दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या आहेत हे दाखवायला निघालेल्या निर्मात्याला पावतीपुस्तक घेऊन नेमकं कुणाच्या दारी जायचं, हे फडक्यांच्या सत्तेचाळीस वर्षांच्या अनुभवातूनही सांगता आलं नसतं.